वरच्या पायरीची कोर्टकचेरी

महार हा या मुलखातला सगळ्यात जुना सरकारी नोकर आहे. थट्टा करत नाही मित्रांनो, १८७४ चा मुंबई इलाख्याचा वतन कायदा काढून बघा. पाटील वतनदार, कुलकर्णी वतनदार, आणि महार पण वतनदार. आपल्या वतनाच्या मागं फक्त 'कनिष्ठ' हा शब्द लावलेला. सरकारी टपाल पुढच्या गावाला न्यायचं, वसूल तालुक्याला पोचवायचा, साहेब आला की त्याच्या घोड्यापुढं पळायचं, हद्दीचे दगड दाखवायचे. कामाला घड्याळ नव्हतं. नेमलेला माणूस तापानं फणफणला तर त्याचा बाप, बाप नसेल तर भाऊ, घरात जो पुरुष सापडेल तो. मोबदला म्हणजे सरकारकडून तुटपुंजी रोकड, थोडी इनाम जमीन, आणि बाकीचं बलुतं गावच्या मर्जीवर.

या नोकरीत बढती नव्हती. महाराचा पोरगा महारच व्हायचा. या नोकरीत पेन्शन नव्हती, कारण नोकरी संपतच नव्हती. माणूस मेला की सुटायचा, घर सुटत नव्हतं.

बाबासाहेबांनी १९२८ साली मुंबईच्या कायदेमंडळात वतन कायद्याच्या दुरुस्तीचं बिल मांडलं ते ह्याच नोकरीवर. बलुत्याऐवजी रोख पगार द्या, कामं काय ती ठरवून द्या, आणि ज्याला वतन सोडायचंय त्याला पुरा सारा भरून जमीन राखून सुटू द्या. कुठल्याही गिरणीतला युनियनवाला आज मागतो त्यापेक्षा ह्यात जास्त काय होतं? पण गाव आणि सरकार दोघांनाही फुकटाचा नोकर हवा होता. बिल समितीत रखडलं, पुढं बाबासाहेबांनी ते मागं घेतलं. कनिष्ठ वतनं मोडणारा कायदा झाला १९५८ चा, आणि लागू झाला १९५९ साली. तोपर्यंत घटना येऊन नऊ वर्षं झाली होती.

हे आधी सांगायचं कारण असं की 'सरकारी नोकरी लागली' म्हटलं की आपल्या वस्तीत पेढे वाटतात आणि गोष्ट तिथंच संपली असं धरतात. आत शिरणं आणि वर चढणं ह्या दोन वेगळ्या लढाया आहेत. वर चढण्याच्या लढाईचा इतिहास आपल्या पोरांना ठाऊक नाही. तो कोर्टांच्या निकालांत पडलाय, आणि निकाल इंग्रजीत. मी पाळी संपवून, मांडीवर डिक्शनरी घेऊन जेवढा वाचला तेवढा सांगतो.

पलटणीपासून सुरू करू. इंग्रजांच्या मुंबई फौजेत महार होते, आणि सुभेदार सुद्धा झाले. बाबासाहेबांचे वडील रामजी सुभेदार मेजर होते. दापोलीला अशा पेन्शनर शिपायांची वस्तीच होती. त्यातलेच एक गोपाळबाबा वलंगकर, १८८६ साली हवालदार म्हणून निवृत्त झालेले. महिन्याची पेन्शन हातात होती म्हणून त्यांना गावाच्या भाकरीवर थांबावं लागलं नाही. अनार्य दोष परिहारक मंडळी उभी राहिली, अर्ज लिहिले गेले, ते ह्या पेन्शनच्या बळावर. पेन्शन म्हणजे म्हातारपणची भाकर एवढंच आपण समजतो. आपल्या चळवळीचं पहिलं भांडवल ती होती, हे कुणी लिहीत नाही.

१८९२ च्या सुमाराला महारांची भरती बंद झाली. लॉर्ड रॉबर्ट्ससारख्यांनी 'लढाऊ जातीं'ची थिअरी काढली होती आणि कोरेगावला लढलेली जात तिच्यात बसेना. माझं मत विचाराल तर थिअरी हे पांघरूण आहे. शिपाई महार चालत होता. सुभेदार महार अडचणीचा होता, कारण सुभेदाराला सलाम ठोकावा लागतो. वलंगकरांनी १८९४ साली फौजेच्या दरबारी अर्ज तयार केला. १९१० साली शिवराम जानबा कांबळे यांनी थेट विलायतेच्या भारतमंत्र्याला अर्ज लिहिला, आम्हाला फौजेत घ्या, पोलिसात घ्या, सरकारी खालच्या जागांवर तरी घ्या. पहिल्या महायुद्धात माणसं कमी पडली तेव्हा १९१७ साली महार पलटण उभी केली आणि १९२१ साली मोडली. पुन्हा युद्ध आलं, १९४१ साली महार रेजिमेंट उभी राहिली. गरज असली की पात्रता येते, गरज संपली की जाते.

बाबासाहेब व्हाइसरॉयच्या मंत्रिमंडळात होते तेव्हा, १९४३ साली, केंद्राच्या नोकऱ्यांत अनुसूचित जातींना ८⅓ टक्के राखीव जागा मिळाल्या. त्या भरतीच्या. बढतीचा प्रश्न घटना आल्यावर उभा राहिला, कारण तेव्हा कुठं आपली माणसं पहिल्या पायरीवर पोचली.

घटनेचं कलम १६ (४) म्हणतं की ज्या मागास वर्गाला सरकारी नोकऱ्यांत पुरेसं प्रतिनिधित्व नाही त्याच्यासाठी सरकारला नेमणुका किंवा पदं राखून ठेवता येतील. 'ठेवता येतील.' हे क्रियापद लक्षात ठेवा, पुढचं सगळं भांडण त्याच्यावर आहे.

१९५९ साली रेल्वे बोर्डानं तिसऱ्या वर्गातल्या निवडीच्या बढत्यांमध्ये राखीव जागा ठेवायची पत्रकं काढली. दक्षिण रेल्वेतले रंगाचारी नावाचे कर्मचारी मद्रास हायकोर्टात गेले आणि जिंकले. त्यांचं म्हणणं, राखीव जागा भरतीत ठेवा, बढतीत नको. रेल्वे सुप्रीम कोर्टात गेली. २८ एप्रिल १९६१ ला निकाल लागला, तीन विरुद्ध दोन. बहुमताचा निकाल न्यायमूर्ती गजेंद्रगडकरांचा, म्हणजे आपल्या साताऱ्याच्या माणसाचा. त्यांनी धरलं की पुरेसं प्रतिनिधित्व नुसतं डोकी मोजून होत नाही, माणसं कुठल्या दर्जाच्या जागेवर बसलीत तेही बघावं लागतं. म्हणून बढतीतही राखीव जागा ठेवता येतील. विरुद्ध मताचे न्यायाधीश म्हणाले की आत घेतलं म्हणजे झालं.

आत घेतलं म्हणजे झालं! हे वाक्य आम्हा गिरणीवाल्यांना नवीन नाही. मुंबईच्या गिरण्यांत अस्पृश्य कामगार होते, पण ज्या विणकाम खात्यात पगार बरा तिथं त्यांना येऊ देत नसत. धोट्याच्या भोकातून दोरा तोंडानं ओढावा लागायचा, अस्पृश्याची थुंकी लागली तर सवर्ण विणकर बाटणार. १९२८ च्या संपात बाबासाहेबांनी हा सवाल कामगार पुढाऱ्यांच्या तोंडावर टाकला. गिरणीत आत होतोच की आपण. कुठल्या खात्यात, हा प्रश्न होता.

रंगाचारीचा निकाल झाला आणि दोनच वर्षांत वारं फिरलं. केंद्रीय सचिवालयातल्या बढतीच्या एका खेपेला ४५ जागांपैकी २९ अनुसूचित जाती-जमातींना गेल्या. आधीच्या वर्षांत न भरलेल्या राखीव जागा पुढं ओढायचा नियम होता, त्या साठल्या होत्या. देवदासन यांनी ह्यावर दावा लावला आणि ऑगस्ट १९६३ मध्ये सुप्रीम कोर्टानं तो नियमच उडवला. एकटे न्यायमूर्ती सुब्बाराव विरुद्ध मताचे. २९ आकडा सगळ्यांना दिसला. त्या २९ जागा आधी ज्यांच्या ताटातून काढल्या ते कुणाला दिसलं नाही. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये केंद्र सरकारनं स्वतःहून परिपत्रक काढलं आणि वरच्या वर्गांतल्या बढत्यांमधल्या राखीव जागा काढून घेतल्या. खाली तिसऱ्या-चौथ्या वर्गात काही ठिकाणी ठेवल्या.

आता आपली बाजू कोर्टात गेली. रेल्वे बोर्डात नोकरीला असलेले सी. ए. राजेंद्रन, अनुसूचित जातीचे. ते म्हणाले, हे परिपत्रक घटनेच्या विरुद्ध आहे. सप्टेंबर १९६७ मध्ये सुप्रीम कोर्टानं सांगितलं की १६ (४) हे फक्त मुभा देणारं कलम आहे. सरकारला वाटलं तर ठेवील, नाही वाटलं तर नाही. मागायचा हक्क कुणाला नाही. रंगाचारीचं नाव प्रत्येक वकिलाच्या तोंडात असतं. राजेंद्रनचं नाव आपल्या शिबिरात मी अजून एकदाही ऐकलेलं नाही. आपल्या बाजूनं जो पहिल्या फळीत लढला आणि हरला, त्याची ही गत.

१९७२ साली ज्येष्ठतेनं मिळणाऱ्या बढत्यांतही राखीव जागा आल्या. १९७५ साली केरळचं एन. एम. थॉमस प्रकरण आलं. तिथं नोंदणी खात्यात कनिष्ठ कारकुनाचा वरिष्ठ कारकून व्हायला खात्याच्या परीक्षा पास व्हाव्या लागत. अनुसूचित जाती-जमातींना त्यासाठी सरकारनं वाढीव मुदत दिली. १९७२ मध्ये ५१ जागांपैकी ३४ त्यांच्याकडं गेल्या. परीक्षा पास झालेले थॉमस कोर्टात गेले. सात न्यायाधीशांत पाच सरकारच्या बाजूचे. निकालाचा गाभा असा की १६ (४) ही समानतेला पाडलेली पळवाट समजू नका, ती समानतेचाच भाग आहे.

पुढचं प्रकरण १९८० चं, आणि त्याचं नाव ऐकून हसावं की रडावं कळत नाही. रेल्वेतल्या राखीव बढत्यांविरुद्ध दावा लावणाऱ्या संघटनेचं नाव काय, तर 'अखिल भारतीय शोषित कर्मचारी संघ'. शोषित! दोन हजार वर्षांत आपल्याकडं स्वतःचं असं काय उरलं होतं, तर हा एक शब्द. तोही उचलला. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर आणि चिन्नाप्पा रेड्डी यांनी तो दावा फेटाळला हे बरं झालं.

आता आपल्या महाराष्ट्राच्या जखमेकडं वळतो. १९५६ ला नागपूरला दीक्षा घेतली आणि केंद्राच्या यादीतून आपण उडालो. १९५० च्या आदेशात अनुसूचित जात हिंदू असली पाहिजे, पुढं त्यात शीख घातले. बौद्ध नव्हते. १९६४ साली नागपूरच्या एका राखीव मतदारसंघाची निवडणूक सुप्रीम कोर्टात गेली आणि निवडून आलेला माणूस बौद्ध झाला म्हणून अनुसूचित जातीचा राहिला नाही, असा निकाल लागला. महाराष्ट्र सरकारनं १९६० पासून नवबौद्धांना आपल्यापुरत्या सवलती दिल्या. पण रेल्वे, पोस्ट, टांकसाळ, दारूगोळ्याचे कारखाने, सगळी केंद्राची खाती. तिथं बढती पाहिजे तर कागदावर हिंदू महार राहा. घरात बुद्धाची मूर्ती आणि सर्व्हिस बुकात हिंदू, असं अनेकांनी आयुष्य काढलं. ज्यांनी सर्व्हिस बुकात बौद्ध लिहिलं ते खुल्या रांगेत उभे राहिले आणि कित्येक तिथंच म्हातारे झाले. १९९० मध्ये व्ही. पी. सिंगांच्या काळात कायदा दुरुस्त झाला. मध्ये ३४ वर्षं गेली, म्हणजे एका माणसाची अख्खी नोकरी. मागच्या पिढीला 'तुम्ही कागदावर का नमलात' असं आपल्यातले काही तडफदार विचारतात. त्यांनी आधी पेन्शनचा हिशेब मांडून बघावा.

तो हिशेब मांडूच. जुन्या पद्धतीत पूर्ण पेन्शन म्हणजे शेवटच्या मूळ पगाराच्या निम्मी. समजा दोन कारकून एकाच दिवशी लागले. एक वर चढला आणि ६०,००० मूळ पगारावर निवृत्त झाला. दुसऱ्याची बढती अडवली, तो ४०,००० वर राहिला. एकाला पेन्शन ३०,०००, दुसऱ्याला २०,०००. महिन्याला दहा हजारांचा फरक, महागाई भत्ता वेगळा. वीस वर्षं जगले तर २४ लाख. ग्रॅच्युइटीही शेवटच्या पगारावरच काढतात. मेल्यावर बायकोला कुटुंब पेन्शन ३० टक्क्यांनी, म्हणजे एकीला १८,०००, दुसरीला १२,०००. साहेबानं गोपनीय अहवालात एक शब्द हलका लिहिला, त्याची वसुली विधवेपर्यंत चालते.

गोपनीय अहवालाचं असं. २००८ पर्यंत वाईट शेरा तेवढा कळवायचा असा रिवाज होता. 'चांगला' हा शेरा वाईट नाही, म्हणून कळवायचा नाही. पण बढतीला अट 'अतिशय चांगला'ची. म्हणजे चांगला म्हणून मारला आणि मेलेल्याला कळवलं पण नाही. देव दत्त नावाच्या इंजिनियरनं हे सुप्रीम कोर्टात नेलं आणि मे २००८ मध्ये कोर्टानं सांगितलं की प्रत्येक शेरा कर्मचाऱ्याला कळवलाच पाहिजे.

आता गंमत बघा. बढतीला कोर्ट 'मुभा' म्हणत होतं, त्याच काळात पेन्शनला काय म्हणत होतं? बिहारच्या शिक्षण खात्यातले देवकीनंदन प्रसाद यांची पेन्शन सरकारनं नाकारली. १९७१ साली सुप्रीम कोर्ट म्हणालं की पेन्शन ही सरकारच्या मर्जीची खैरात नाही, ती त्या माणसाची मालमत्ता आहे. पुढं १७ डिसेंबर १९८२ चा नकारा निकाल. संरक्षण मंत्रालयातून १९७२ साली निवृत्त झालेले नकारा. सरकारनं पेन्शनचं सूत्र सुधारलं, पण ३१ मार्च १९७९ ला किंवा नंतर निवृत्त होणाऱ्यांनाच. आदल्या दिवशी निवृत्त झालेला कोरडा. पाच न्यायाधीशांनी ही तारखेची भिंत पाडली. पेन्शनर लोक १७ डिसेंबर हा आपला दिवस म्हणून पाळतात. केरळच्या पद्मनाभन नायर यांना निवृत्त झाल्यावर दोन वर्षं तीन महिने पैसे मिळाले नाहीत, कारण शेवटच्या पगाराचा दाखला एका हपिसातून दुसऱ्या हपिसात गेला नव्हता. कोर्टानं १९८४ मध्ये दिरंगाईबद्दल सरकारला व्याज भरायला लावलं.

आमच्या वस्तीत एक म्हातारा होता, कुठल्याशा नगरपालिकेत सफाईला. त्याचंही असंच, 'येणे बाकी नाही' असा एक दाखला. तो दाखला मिळेपर्यंत चार दिवाळ्या गेल्या, पाचवीला म्हातारा नव्हता. व्याज मागता येतं हे त्याला कुणी सांगितलं नाही. आम्हाला पण तेव्हा माहीत नव्हतं.

हे पेन्शनचे निकाल आपण डोक्यावर घ्यावेत असे आहेत. पण देवकीनंदन निकालात मालमत्ता झाली ती पेन्शन. ती ज्या पगारावर मोजायची तो पगार वाढवणारी खुर्ची मात्र आपल्या बाबतीत मुभाच राहिली. माप हक्काचं, पण मापात किती घालायचं ते मालकाच्या हातात.

१९९२ नंतरचं झपाझप सांगतो, कारण ते तुम्ही पेपरात वाचलेलं असतं. १६ नोव्हेंबर १९९२ च्या मंडल निकालात कोर्ट म्हणालं की १६ (४) मध्ये बढती येत नाही, चालू आहे ते आणखी पाच वर्षं चालू द्या. म्हणजे रंगाचारी गेला. १९९५ साली ७७ वी घटनादुरुस्ती करून १६ (४-अ) घातलं, बढती परत आली. लगेच दुसरा खुंटा मारला. राखीव बिंदूवर आधी वर गेलेला आपला माणूस, आणि मागाहून वर आलेला खुला माणूस, ह्यांच्यात खुल्याला त्याची खालची ज्येष्ठता परत मिळणार, असं १९९५-९६ च्या निकालांनी ठरवलं. म्हणजे तुम्ही आधी चढा, पण पुढच्या पायरीला रांगेत मागं उभे राहा. त्यावर २००१ ची ८५ वी दुरुस्ती, ती १७ जून १९९५ पासून लागू धरली. मध्ये २००० साली ८१ वी आणि ८२ वी, साठलेल्या जागांसाठी आणि गुणांच्या सवलतीसाठी. चार दुरुस्त्या संसदेला कराव्या लागल्या आणि चारही नागराज प्रकरणात कोर्टापुढं गेल्या. १९ ऑक्टोबर २००६ ला कोर्टानं त्या टिकवल्या, पण अट घातली. सरकारनं आकडेवारी गोळा करून मागासपण दाखवावं, प्रतिनिधित्व अपुरं आहे हे दाखवावं, आणि कार्यक्षमता बिघडत नाही हेही बघावं. २०१८ च्या जर्नैलसिंग निकालात अनुसूचितांचं मागासपण पुन्हा सिद्ध करायची अट गेली, बाकीच्या राहिल्या, वर क्रीमी लेअर आलं.

आकडेवारी कुणी गोळा करायची? सरकारनं. नाही केली तर शिक्षा कुणाला? बढती मिळालेल्याला. उत्तर प्रदेश सरकार एप्रिल २०१२ मध्ये असंच हरलं आणि २०१५ साली तिथं बढती मिळालेल्या दलित कर्मचाऱ्यांना खालच्या खुर्चीवर आणून बसवलं. काल ज्याला सही मागत होते त्याच्याच टेबलासमोर. ही नुसती पगाराची गोष्ट नाही हे आपल्याला कुणी समजावून सांगायला नको.

कार्यक्षमतेचा बाऊ करणाऱ्यांना एक दाखला द्या. अश्विनी देशपांडे आणि थॉमस वाइसकॉफ ह्या दोन अर्थशास्त्रज्ञांनी १९८० ते २००२ पर्यंतचे भारतीय रेल्वेचे आकडे तपासून २०१४ साली अभ्यास छापला. वरच्या वर्गांत अनुसूचित जाती-जमातींचं प्रमाण वाढल्यानं रेल्वेचं काम बिघडल्याचा पुरावा त्यांना सापडला नाही. उलट काही ठिकाणी सुधारल्याच्या खुणा दिसल्या. ज्या रेल्वेवरून रंगाचारीपासून भांडण चाललंय, तीच ही रेल्वे.

महाराष्ट्रात २००१ चा आरक्षण कायदा झाला, २००४ पासून लागू. २५ मे २००४ च्या शासन निर्णयानं बढतीत ३३ टक्के जागा राखल्या. मॅटनं तो निर्णय २०१४ साली रद्द ठरवला, मुंबई हायकोर्टानं ४ ऑगस्ट २०१७ ला तेच कायम केलं. सरकार सुप्रीम कोर्टात गेलं. प्रकरण तिथं पडून असताना ७ मे २०२१ ला सरकारनंच नवा शासन निर्णय काढला की सगळ्या बढत्या ज्येष्ठतेनं भरा. लोक ऑक्सिजनच्या रांगेत उभे होते तेव्हा. त्या वर्षी जो अठ्ठावन्न वर्षांचा झाला तो खालच्याच पदावरून घरी गेला, आणि त्याच्या पेन्शनच्या कागदावर खालचाच आकडा चढला. उद्या निकाल त्याच्या बाजूनं लागला तरी फार तर मानीव दिनांक मिळेल. म्हणजे अमुक तारखेला तुम्हाला बढती मिळाली असं मानायचं. मागचा पगार मागितला की 'काम नाही तर दाम नाही' म्हणतात. जानकीरामन प्रकरणात १९९१ साली सुप्रीम कोर्टानं सांगितलंय की माणूस काम करायला तयार असून मालकानंच दूर ठेवला तर हे तत्त्व आपोआप लागत नाही. हा निकाल खिशात असू द्या.

आणि पेन्शन तरी आता कुठं उरलीय? केंद्रात १ जानेवारी २००४ नंतर, महाराष्ट्रात १ नोव्हेंबर २००५ नंतर लागलेल्यांची जुनी पेन्शन गेली, बाजारातल्या फंडावर चालणारी योजना आली. अनुशेषाची जागा जर १९९८ पासून रिकामी ठेवून २००६ ला भरली, तर उशीर कुणाचा आणि पेन्शन कुणाची गेली? ३ मार्च २०२३ ला केंद्रानं सांगितलं की २२ डिसेंबर २००३ च्या आधी जाहिरात निघालेल्या जागेवर जे लागले त्यांना जुनी पेन्शन निवडता येईल. ठीक. पण जिची जाहिरातच वेळेवर काढली नाही त्या राखीव जागेला तारीख कुठली लावायची? आणि ज्यांना नोकरीच कंत्राटदाराच्या नावावर दिली त्यांना ना ज्येष्ठता यादी, ना सर्व्हिस बुक. मुंबई महापालिकेच्या २७०० सफाई कामगारांना कायम होण्यासाठी सुप्रीम कोर्टापर्यंत जावं लागलं, निकाल एप्रिल २०१७ चा. ते कोण आहेत हे तुम्हाला सांगायला नको.

शेवटी कामाचं. पेन्शन कमी बसवली तर तक्रार उशिरा केली तरी चालते, कारण दर महिन्याला नवी चूक होते. मात्र थकबाकी बहुधा मागच्या तीन वर्षांचीच मिळते, तर्सेमसिंग निकाल, २००८. बढतीचं आणि ज्येष्ठतेचं तसं नाही. कॅट किंवा मॅटमध्ये जायची मुदत एक वर्ष. अर्ज केला आणि सहा महिने उत्तर नाही आलं, तर तिथून पुढं एक वर्ष. अर्जावर अर्ज करत राहिल्यानं ही मुदत वाढत नाही, हे १९८९ च्या राठोड प्रकरणात ठरलंय. आपले लोक इथंच मार खातात. साहेब 'बघू' म्हणतो, आपण भिडेखातर थांबतो, बघता बघता वर्ष जातं. तेव्हा नोकरीवाल्या भाऊ-बहिणींना भेटा तेव्हा तीन कागद विचारा: ज्येष्ठता यादी, बिंदुनामावली, आणि गोपनीय अहवालाची प्रत. देत नसतील तर माहितीच्या अधिकारात मागा. यादीवर हरकत घ्यायची ती लेखी घ्या आणि पोचेचा शिक्का घ्या. हरकतीची मुदत यादीच्या खालीच छापलेली असते, बारीक अक्षरात.